परबदादांचं गाऱ्हाणं

परबदादांकडे बघून हा माणूस पोलीस असेल असं कुणालाही वाटलं नसतं. युनिफॉर्म अंगावर असायचा, पण लग्नापुरत्या उसन्या आणलेल्या कोटासारखा. मिशा काळ्याभोर आणि डोकं पांढरंशुभ्र, कारण कलपाने त्यांच्या डोक्याला खाज सुटायची आणि मिशीला सुटायची नाही. टोपी डोक्यापेक्षा टेबलावर जास्त वेळ. आरोपीला दम द्यायची वेळ आली की ते दुसऱ्या कुणाला तरी पुढे करायचे आणि स्वतः चहा सांगायला जायचे.

ज्या ठाण्यात आम्ही एकत्र काम केलं त्याचं नाव सांगत नाही, मी अजून नोकरीत आहे. घाटकोपर आणि मुलुंड यांच्या मधलं कुठलंही धरा. मी तिथे महिला शिपाई म्हणून नवीन रुजू झाले तेव्हा परबदादा सहायक फौजदार होते. पहिल्याच दिवशी त्यांनी मला समोर बसवून विचारलं, "शेलार, गाव खयचा तुझा?"

"भांडुप," मी म्हटलं.

"अगो, भांडुप हा काय गाव? तेच्या आधी?"

आजोबा रत्नागिरीकडचे, गिरणीत होते, असं मी सांगितलं. त्यावर त्यांनी विचार करून पुढचा प्रश्न टाकला, "माशाच्या वाटपात तुमच्याकडे धणे घालतात की नाही?" मी हो म्हटलं. त्यांनी मान डोलावली, जणू माझं चारित्र्य पडताळून झालं. परबदादा माणसं वाटपावरून, म्हणजे कालवणाच्या वाटलेल्या मसाल्यावरून, ओळखायचे. नारळ किती, मिरची कुठली, त्रिफळ घालता की नाही, यावरून समोरच्या घरात सासू कशी असेल इथपर्यंत ते सांगत, आणि मेलं बरोबरही निघायचं.

आमच्या ठाण्यात घरातून निघून गेलेल्या मुलींच्या तक्रारी त्यांच्याकडे यायच्या. आई-बाप रडत येत, "पोरगी पळून गेली" म्हणत. परबदादा आधी ते वाक्य दुरुस्त करत. "पळान नाय गेली, चलान गेली. पळतत ते चोर." मग ते मुलीचं वय विचारत. वीस, बावीस, चोवीस अशी उत्तरं यायची. खरं तर पुढचं काम अर्ध्या तासाचं होतं. मुलगी सज्ञान आहे याचा पुरावा बघायचा, ती स्वतःच्या मर्जीने गेली असा तिचा जबाब घ्यायचा, तिला तिच्या वाटेने जाऊ द्यायचं आणि आई-बापांना सांगायचं की कायद्याने तिला हवा तो जोडीदार निवडायचा हक्क आहे. एवढंच.

परबदादांना ते एवढंच कधी पुरलं नाही. "कायदा सांगितला की माणूस वकील शोधतो, चाय दिली की खुर्ची शोधतो," असं त्यांचं म्हणणं. ते दोन्ही घरची माणसं बोलावून घेत. एक बाकडं मुलाकडच्यांना, एक मुलीकडच्यांना, मध्ये ते स्वतः. पहिला तास शिव्याशाप. तो ते संपू देत. मग दोन्ही आयांकडे वळून म्हणत, "बरं, ता ऱ्हवांदे. तुमच्याकडे सुरमईला चिंच की कोकम?" मग एक आई नाक पुसत म्हणायची, "कोकम." दुसरी तोंड वाकडं करून म्हणायची, "आमच्यात चिंच." आणि मग त्या दोघी बाकड्यांवरून एकमेकींशी भांडायला लागायच्या, पण मुलांवरून नव्हे, चिंचेवरून. परबदादा माझ्याकडे बघून डोळा मारायचे. तिथून पुढे समेट व्हायला वेळ लागत नसे.

समेट झाला की शेवटी गाऱ्हाणं. ठाण्याच्या आवारात पिंपळाखाली दत्ताचं एक छोटं देऊळ आहे. तिथे नारळ ठेवून, सगळ्यांना अर्धगोल उभं करून परबदादा त्यांच्या सिंधुदुर्गातल्या गावी घालतात तसं गाऱ्हाणं घालायचे. दुपारच्या उन्हात तो आवाज चढायचा, "बा देवा महाराजा, आज ही दोन घरां तुझ्या पायाकडे इली हत. काय चुकलामाकला तर पदरात घे रे महाराजा!" प्रत्येक वाक्याला जमलेल्यांनी एका सुरात म्हणायचं, "व्हय महाराजा!" ते गाऱ्हाणं म्हणजे त्यांचं शेवटचं शिक्कामोर्तब. मुलीचा बाप पोरांचं लग्न लावून द्यायचा शब्द तिथे, देवासमोर, सगळ्यांच्या "व्हय महाराजा"त देत असे. "गाऱ्हाण्यातलो शब्द कोण मोडणा नाय," असं परबदादा मला सांगत. ते त्यांना अगदी मनापासून वाटत होतं.

एकदा घाटकोपरच्या एका गुजराती दुकानदाराच्या मुलीने आमच्या हद्दीतला मराठी मुलगा पसंत केला. बाप लालबुंद होऊन आला, दोन भाऊ बरोबर. संध्याकाळी तेच तिघे पिंपळाखाली उभे राहून, आपण काय बोलतोय ते न कळता, "व्हय महाराज, व्हय महाराज" करत होते. शेवटचा 'जा' त्यांना जमत नव्हता. परबदादांनी गाऱ्हाणं थांबवून त्यांच्याकडून तो म्हणवून घेतला. लग्नाला आम्हाला आमंत्रण होतं. परबदादा पहिल्या रांगेत फेटा बांधून बसले होते आणि वाढप्याला विचारत होते, "उंधियूत ओला नारळ घालतात काय हो?"

अशी कितीतरी लग्नं त्यांनी लावली. मी त्यांच्यावर फिदा होते, हे लपवत नाही. बाकीचे साहेब लोक असल्या केसेस फाईल फेकल्यासारख्या उरकत आणि हा माणूस त्यातून लग्नाची जेवणं काढत होता. "माझ्या टेबलावरून एक घर फुटान गेला नाय," हे वाक्य ते बदलीवर आलेल्या प्रत्येक नव्या साहेबांना ऐकवत. साहेब हसत. मीही हसे.

आता मागे वळून बघताना एक गोष्ट दिसते, ती तेव्हा दिसली नाही. या सगळ्यात परबदादा मुलीला, आई-बापांशी समेट हवा का, घरी जाशील का, हे विचारत नव्हते असं नाही. विचारायचे. पण हवं ते उत्तर मिळेपर्यंत विचारायचे. ती "नको" म्हणाली की ते म्हणायचे, "बरं, चाय घे." मग परत विचारायचे. मग तिच्या आईला तिच्या शेजारी बसवायचे आणि परत विचारायचे. दुपार कलेपर्यंत बहुतेक पोरी "बरं" म्हणायच्या. बहुतेकींचं पुढे चांगलंच झालं, म्हणून त्या विचारण्याकडे कुणाचं लक्ष गेलं नाही.

रसिका गावडे आणि नितीन स्वतःच ठाण्यात आले होते, हाताला धरून, घाबरलेले पण नीट कपडे घालून, मुलाखतीला आल्यासारखे. ती बावीसची, एका दवाखान्यात रिसेप्शनवर. तो गोवंडीचा, कुरिअर कंपनीत. जात वेगळी होती, एवढं सांगितलं तरी पुरे. तिच्या बापालाही तेवढंच पुरलं होतं. दोघांनी विवाह नोंदणी कार्यालयात नोटीस दिली होती. नोंदणी पद्धतीच्या लग्नात नोटिशीनंतर महिनाभर थांबावं लागतं. तोवर ती मैत्रिणीकडे राहत होती आणि गावडे तिकडे येऊन तमाशे करत होते. इकडे त्यांनी मुलगी हरवल्याची तक्रारही दिली होती. रसिकाचं म्हणणं साधं होतं, "माझा जबाब घ्या की मी सज्ञान आहे आणि माझ्या मर्जीने बाहेर आहे. आणि बाबांना समज द्या. मला दुसरं काही नको."

मी जबाबाचा कागद पुढे ओढलासुद्धा. परबदादांनी त्यावर हात ठेवला. "थांब गो. जबाब कसला? घरचीच गोष्ट आसा."

गावडे आले. ते निघाले परबदादांच्याच तालुक्यातले, पलीकडच्या गावचे. वडील गिरणीत, स्वतः एका सोसायटीत इस्टेट मॅनेजर. परबदादांचा चेहरा खुलला. चिंच की कोकम विचारायचीही गरज पडली नाही, दोघांची देवळं, जत्रा, दशावतार सगळं एकच. गावडे रडले. हात जोडून म्हणाले, "साहेब, मला नाही म्हणायचंच नाही. पण लग्न असं चोरून नको. माझी मुलगी माझ्या दारातून जाऊ दे. महिना थांबायचंच आहे ना त्यांना? मग ती घरी थांबू दे."

आता यात चूक काय, सांगा. परबदादांनाही ते पटलं. ते रसिकाकडे वळले. "बघ बाय, महिनो तुका खयतरी काढूचोच आसा. मैत्रिणीकडे काढतंस, तो आवशीकडे काढ."

"नको," ती म्हणाली. "मी बाबांना ओळखते. ते गावाला घेऊन जातील मला."

"अगो, बापूस आसा तो, वाघ नाय."

"नको, काका. प्लीज. माझा जबाब घ्या ना."

"बरं, चाय घे."

ती चार वेळा नको म्हणाली की पाच, ते मी मोजलं नाही. नितीन मध्ये बोलला तेव्हा परबदादांनी त्याला दटावलं, "तू गप रे, तुजो सासरो आसा तो." दुपार सरत आली तेव्हा ती नको म्हणायची थांबली. हो मात्र म्हणाली नाही. फक्त थांबली. परबदादांनी ते हो धरलं.

पिंपळाखाली नारळ ठेवला. "बा देवा महाराजा! ह्या लेकरू आज आपल्या घराक जाता हा. हेच्या बापाशीन तुझ्यासमोर शब्द दिल्यान, महिन्याभरात लगीन लावन देतलंय म्हणान. तो शब्द तू सांभाळ रे महाराजा!" गावडे सगळ्यांत मोठ्याने म्हणाले, "व्हय महाराजा!" तिची आई म्हणाली. नितीन बिचारा म्हणाला. गेटवरचा संत्री म्हणाला. मीही म्हणाले. रसिका नारळाकडे बघत उभी होती आणि तिचं तोंड उघडलं नाही.

गावडेंनी रिक्षा केली. रसिका मागे आईच्या आणि बापाच्या मध्ये बसली. परबदादा हात हलवत होते.

महिन्यानंतर नितीन ठाण्यात आला. नोंदणीची तारीख होती, रसिका आली नव्हती. तिचा फोन त्या संध्याकाळपासूनच बंद होता, घराला कुलूप होतं. "मधे का आला नाहीस?" परबदादांनी विचारलं. "तुम्हीच म्हणालात, सासऱ्यावर विश्वास ठेव," तो म्हणाला. परबदादांनी गावडेंना फोन लावला. बऱ्याच वेळाने उचलला गेला. स्पीकरवर होता, आम्ही तिघांनी ऐकलं. "लग्न झालं, साहेब. चांगल्या घरात दिली. मुलगी सुखात आहे. देवाच्या दयेने सगळं पार पडलं."

"गावडे, तुमी शब्द दिललात," परबदादा म्हणाले. "गाऱ्हाण्यात."

"लग्न लावून देईन म्हटलं होतं, साहेब. दिलं ना."

परबदादांनी फोन टेबलावर ठेवला. नितीन त्यांच्याकडे बघत होता. मी त्या पोराला पाणी दिलं, कारण दुसरं काही द्यायला आमच्याकडे नव्हतं. परबदादा नुसते टोपीचा बिल्ला पुसत बसले.

त्यांनी रजा टाकली आणि ते गावी गेले. परत येऊन कामावर रुजू झाले. मग एका दुपारी कँटीनमध्ये, मी न विचारता, सांगू लागले. रसिकाचं सासर त्यांनी शोधून काढलं. ती खळ्यात भात वाळत घालत होती. सासू ओटीवर. परबदादा साध्या कपड्यांत होते, तरी तिने लगेच ओळखलं. तिने तांब्या आणून दिला. त्यांनी हळूच सांगितलं, "बाय, माझ्यावांगडा आत्ताच्या आत्ता चल. एसटी तिठ्यार उभी आसा. तुका कोण हात लावणा नाय, मी शब्द देतंय."

"मग?" मी विचारलं.

"इचारल्यान, कोणाच्या शब्दार येव?" ते म्हणाले. त्यांचे डोळे भरले होते. "आणि परत भाताकडे गेली. शेलार, ती माझ्यार ओरडली असती ना, तरी मी काय बोललंय नसतंय. ओरडाक पण नाय."

मला त्यांची दया आली आणि त्याच वेळी चीडही आली. रसिका तिकडे भात वाळवत होती आणि इथे मी चहाच्या ग्लासासमोर परबदादांची समजूत घालायची तयारी करत होते. मी त्यांची समजूत घातली नाही. ग्लास उचलला आणि निघून गेले.

त्यानंतरचे परबदादा वेगळे. मुलगी आली की ते वयाचा पुरावा मागत, एकदा, एकदाच विचारत, "स्वतःच्या मर्जीने?" ती हो म्हणाली की जबाब, सही, आणि रिक्षात बसेपर्यंत तिच्या पुढे-मागे स्वतः. काम खरोखरच अर्ध्या तासात व्हायला लागलं. आया रडायच्या, ते पाणी द्यायचे आणि दुसरीकडे बघायचे. सुरमईबद्दल कुणाला काही विचारलं नाही. एक बाप नारळ घेऊनच आला, कुणीतरी त्याला सांगितलं होतं की इथे एक परब साहेब गाऱ्हाणं घालतात. परबदादा म्हणाले, "त्या परबांची बदली झाली." मला जुने परबदादा हवेसे वाटायचे. ठाण्यात आता हसण्यासारखं काही उरलं नव्हतं. मग आठवायचं की ते हसणं कुणाच्या जिवावर होतं.

वर्ष व्हायच्या आत रसिका स्वतःच आली. कुणाच्या शब्दावर नाही. पहाटेची एसटी धरली आणि मुंबईत उतरली. तिने माझा नंबर कसा मिळवला कोण जाणे. मी तिला मुलुंडला महिलांचं वसतिगृह शोधून दिलं, एका ओळखीच्या वकीलबाईंकडे नेलं. एवढं तरी. नितीन तोवर गुजरातला नोकरीला निघून गेला होता. त्याने थांबायला हवं होतं असं म्हणायचं तोंड आमच्यापैकी कुणालाच नव्हतं. रसिकाही तसं म्हणाली नाही. तिला आता ते लग्न नको होतं, जे तिच्या नकाराला न जुमानता लावलं गेलं. ते कायद्याने रद्द करून हवं होतं.

कोर्टात नवऱ्याच्या आणि गावडेंच्या बाजूने उत्तर आलं ते वाचून मी जागेवरच बसले. त्यांचं म्हणणं, मुलीवर जबरदस्ती झालीच नाही. ती पोलीस ठाण्यातून, पोलिसांसमोर, देवासमोर राजीखुशीने घरी आली. रीतसर गाऱ्हाणं झालं, सगळ्यांनी होकार दिला. साक्षीदार म्हणून त्यांनी पिंपळाखालची सगळी माणसं मांडली होती. परबदादांचं गाऱ्हाणं रसिकाच्या विरुद्ध उभं राहिलं होतं. आणि तिचा नकार कुठेच लिहिलेला नव्हता, कारण जबाब आम्ही घेतलाच नव्हता.

वकीलबाई मला म्हणाल्या, परब साक्षीला येऊन खरं बोलले तरच काही होईल. मी परबदादांना सांगितलं. निवृत्तीला थोडेच महिने उरले होते. आमच्या मोठ्या साहेबांनी त्यांना केबिनमध्ये घेऊन समजावलं, "आठवत नाही म्हणा, परब. कोण काय म्हणालं ते कुणाला आठवतं? खात्याचं नाव कशाला?" परबदादा "व्हय साहेब, व्हय साहेब" करत बाहेर आले. मला वाटलं, संपलं.

तारखेला ते आले. मिशीला कलप लावलेला नव्हता. पांढऱ्या मिशीचे परबदादा मी पहिल्यांदा पाहिले. रसिका पुढच्या बाकावर बसली होती, तिने मागे वळून बघितलं नाही.

समोरच्या वकिलाने विचारलं, "मुलगी राजीखुशीने वडिलांबरोबर गेली, बरोबर?"

"नाही."

"तुमच्यासमोर देवाला नारळ ठेवला होता. सगळ्यांनी होकार दिला."

"सगळ्यांनी. तिने नाही दिला."

"एवढ्या माणसांत कोण बोललं, कोण नाही, तुम्हाला आठवतं?"

"साहेब, मी जन्मभर गाऱ्हाणी घातली," परबदादा म्हणाले. "जो बोलत नाही तो पहिला ऐकू येतो."

"मग त्याच वेळी थांबवलं का नाही?"

परबदादा कठड्याला धरून उभे होते. "सगळे बघत होते," ते म्हणाले. "थांबवलं असतं तर माझं नाव गेलं असतं. माझ्या टेबलावरून घर फुटत नाही, असं नाव होतं माझं. तेवढ्यासाठी नाही थांबवलं."

न्यायाधीश मॅडम म्हणाल्या, "नीट, सावकाश सांगा. लिहून घ्यायचं आहे." मग परबदादांनी ते सावकाश सांगितलं, शाळेतल्या मुलासारखं, एकेक वाक्य. ती सज्ञान होती. ती अनेकदा नको म्हणाली. तिला घरी पाठवायचा मला अधिकार नव्हता. मी पाठवली.

मला साक्षीला बोलावणं आलं नाही. आलं असतं तर मी तेवढं सरळ बोलले असते का, मला माहीत नाही. आलं नाही म्हणून मला बरं वाटलं, आणि त्या बरं वाटण्याची अजून लाज वाटते. व्हय महाराजा मी पण म्हणाले होते.

ते लग्न रद्द झालं. परबदादांवर खात्याची चौकशी लागली आणि तिच्यातच ते निवृत्त झाले. हार नाही, भाषण नाही. कपाटातला डबा आणि चप्पल पिशवीत घालून ते बाहेर पडले. मी गेटपर्यंत गेले होते. "दादा, तुम्ही तिच्यासाठी केलंत ना शेवटी," मी म्हटलं. ते एकदम माझ्यावर खेकसले, "तिच्यासाठी मी काय केलंय ता माका ठाऊक आसा. तू सांगू नको."

मध्ये काही वर्षं गेली. रसिका आता एका मोठ्या लॅबमध्ये कामाला आहे. गेल्या हिवाळ्यात तिचा फोन आला, "ताई, साक्षीदार लागतात तिघं. तुम्ही याल?" मुलगा तिच्याच लॅबमधला, बुटका, सतत हसणारा. नोटिशीचा महिना तिने तिच्या स्वतःच्या भाड्याच्या खोलीत काढला. मी परबदादांना ही बातमी सांगितली. सांगायला नको होती की काय, मला अजून कळत नाही. त्यांनी फक्त कार्यालय कुठलं ते विचारलं.

सही करून आम्ही बाहेर आलो तेव्हा ते आवाराच्या फाटकाशी उभे होते. इस्त्रीचा शर्ट, हातात काही नाही. खूप वाळले होते. रसिका थबकली. मग तिने नवऱ्याच्या हातातला पेढ्यांचा पुडा घेतला आणि ती सरळ त्यांच्याकडे गेली. मी मागोमाग गेले, न जाणो काय होईल म्हणून.

"पेढा घ्या," ती म्हणाली.

त्यांनी दोन्ही हात पुढे करून घेतला. आशीर्वादाला उजवा हात थोडा वर गेला आणि तसाच खाली आला. "सुखी ऱ्हव," एवढं ते म्हणाले. मग घसा खाकरून, "बाय, आमच्या हिने सांगितलंय, एकदा दोघांनी जेवायला यायचं. मुलुंडातच आहोत आम्ही. मासे करू."

"नको," रसिका म्हणाली.

ती रागाने म्हणाली नाही, हळूही म्हणाली नाही. तिचा नवरा माझ्याकडे बघायला लागला. मी परबदादांकडे बघत राहिले. या माणसाला मी पुरती ओळखत होते, आता पुढचं वाक्य येणार याची मला खात्री होती.

"बरं," परबदादा म्हणाले.

त्यांनी पेढा तोंडात टाकला, तो चावत चावत फाटकाबाहेर पडले आणि रस्ता ओलांडून बसस्टॉपवर, आमच्याकडे पाठ करून, उभे राहिले.